मायची आण

लिहायला बसण्याआधी मी उठून दार बघून आलो. उघडं होतं. मग परत येऊन बसलो, आणि पहिली ओळ लिहून पुन्हा उठलो. तेव्हा वाचणाऱ्याने इतकं समजून घ्यावं की हा माणूस बरा झालाय, पण पुरता निर्धास्त झालेला नाही.

आजाराबद्दल डॉक्टर सांगतील ते त्यांच्याकडूनच ऐका. मी लिहितो आहे ते माझ्यासारख्यांच्या घरच्यांसाठी. माझ्या बायकोने माझ्या सख्ख्या भावावर हायकोर्टात अर्ज केला होता, की त्याने तिच्या नवऱ्याला बेकायदा डांबून ठेवलं आहे. ती खोटं बोलत नव्हती. भाऊही वाईट नव्हता. आणि ज्याला डांबलं होतं तो मी, कोणाच्या बाजूने बोलायचं या विचाराने रात्रंदिवस घामाघूम होत होतो.

चहा

मी विलास. यवतमाळजवळ लोहाऱ्याच्या एमआयडीसीत एका कारखान्याचं स्टोअर सांभाळत होतो. बायको सुषमा प्राथमिक शाळेत शिकवते. आम्ही दोघंच राहायचो.

सुरुवात चहापासून झाली. सकाळचा चहा कडू लागायला लागला. साखर वाढवली तरी कडू. मग वरणही कडू. मग मला दिसलं (दिसलंच, म्हणजे खात्रीच झाली) की सुषमा माझं ताट वेगळं वाढते. ती तर पहिल्यापासूनच माझं ताट आधी वाढायची, कारण मला कारखान्याची गाडी गाठायची असे. पण शंकेला एकदा पाय फुटले की ती कोणाच्या दारात थांबत नाही. मी घरचं जेवण सोडलं. टपरीवरची बिस्किटं खाऊन राहू लागलो. कामावर डबा उघडायचो, वास घ्यायचो आणि कुत्र्यापुढे टाकायचो. कुत्रं जिवंत राहिलं याचा अर्थ विष हळूहळू चढणारं आहे, असा मी लावला.

डॉक्टरांकडे सुषमानेच नेलं. त्यांनी पुष्कळ विचारलं, शेवटी आजाराचं नाव सांगितलं, स्किझोफ्रेनिया. आयुष्यभर सांभाळावा लागणारा आजार आहे, पण गोळ्यांनी सांभाळता येतो, असंही सांगितलं. सुषमा रडली. मी मात्र तिच्याकडे बघतच नव्हतो. डॉक्टरांनी तिला बघून मान हलवली होती, ती का हलवली, याच विचारात मी होतो. ते एक मान हलवणं मला कितीतरी दिवस पुरलं. गोळ्या मी मोरीत टाकू लागलो.

आण

सुषमा थकली. तिने ढाणकीला, आमच्या गावी, माझ्या वहिनीला फोन केला. दादाला केला नाही. आमच्याकडे धाकट्या भावाची बायको भासऱ्याशी, म्हणजे नवऱ्याच्या थोरल्या भावाशी, समोरासमोर बोलत नाही. तोही तिच्याशी बोलत नाही. शाळेच्या सभेत माइक हातात घेणारी माझी बायको दादासमोर डोक्यावर पदर घेऊन मुकी व्हायची. निरोप जायचा तो वहिनीमार्फत.

दादा आणि माय गाडी करून आले. मी गाडीत बसायला तयार नव्हतो. दादाचा हात धरून त्याला जिन्याखाली नेलं आणि म्हटलं, "सुषमा मले इख घालून मारून राह्यली. ती माह्याजवळ येनार नाई, फोनवर बोलनार नाई, अशी आण घे. तरच येतो."

"घेतली बाप्पा. बस आता."

"तशी नाई. मायची."

माय गाडीत पुढे बसली होती. दादाने खिडकीतून हात आत घातला आणि तिच्या डोक्यावर ठेवला. "मायची आण. तू सोडल्याबिगर ती तुह्याजवळ येनार नाई."

ज्यांना हे शब्द नुसते वाटतात त्यांच्यासाठी सांगतो. माझ्या काकांनी एकदा धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या, भांडणात आईची आण घेतली आणि मोडली. आजी त्याच वर्षी कापसाच्या वेचणीत गेली. तिचं वय झालं होतं, दम्याने ती अर्धी झाली होती, पण आमच्या घरात ती दम्याने मेली असं कोणी म्हणत नाही. काकाला त्यानंतर कोणी पंगतीत शेजारी बसवून घेतलं नाही. दादाने हे सगळं लहानपणी पाहिलेलं होतं.

गाडी निघाली तेव्हा सुषमा वर गॅलरीत उभी होती. माझे कपडे तिनेच भरून दिले होते. दोन-चार दिवसांत बोलू, असं ती वहिनीजवळ म्हणाली होती म्हणे.

कापसाची खोली

ढाणकीच्या घरात मला कापसाची खोली दिली. वेचणी सुरू व्हायची होती, खोली रिकामी होती, आणि बाजूलाच मोरी होती म्हणून. कापसाच्या खोलीला कडी बाहेरून असते, आतून नसते. कापूस काही आतून दार लावून घेत नाही. पुढे अर्जाला जोडलेल्या फोटोत हीच कडी दिसत होती. फोटो पाहून कोणालाही वाटावं की ती माझ्यासाठीच ठोकली आहे.

पण कडी लावायचे, हेही खरं आहे. पहिल्या दिवसांत मीच ओरडायचो, "लावा कडी, ती येईन." दादाने उमरखेडच्या डॉक्टरांना दाखवलं, गोळ्या सुरू ठेवल्या. माय माझ्या जिभेखाली बोट फिरवून बघायची. गोळ्या पोटात जायला लागल्या तसा कडूपणा उतरला. आधी पाण्याचा, मग भाकरीचा. एका सकाळी मायच्या हातचा चहा मला नुसता गोड लागला. मी कप हातात धरून बसून राहिलो आणि मला सुषमाची फार आठवण आली.

दादा गोठ्यातून आला तसा मी म्हणालो, "दादा, मले बरं वाटून राह्यलं. सुषमाशी बोलू दे."

"आण आहे."

"मीच घातलती ना? मीच सोडतो. सुटली."

त्याने माझ्याकडे नीट पाहिलं. "तवा बी तूच बोलत होता, आता बी तूच बोलून राह्यला. मी कोनता खरा मानू? उद्या पुन्हा म्हनशीन का दादानं मले फसवलं. तुह्या बोलन्यावर मायचा जीव लावू काय मी?"

या आजारात आवाज, भास वगैरेंबद्दल लोक विचारतात. मला सगळ्यात भीती वाटली ती या प्रश्नाची. मी खरा कोणता, हे मी कोणाला कसं पटवणार होतो? शांत बसलो तर म्हणत, गोळ्यांनी सुस्त झाला. चिडलो तर म्हणत, पाहा, अजून आहे.

शेतावर जाताना ते कडी लावून जायचे, आता माझ्या ओरडण्याशिवायच. माय बाहेर सुपात तूर पाखडत बसायची. मी खिडकीतून विनवायचो.

"माय, तुले मराचं भेव वाटते काय वं?"

"मी मेली तं चालन रे बापू. पिकलं पान आहो. पन ते दादाच्या मानेवर नोको. तुह्या काकाचं पाह्यलं ना म्या." आणि ती सूप जरा जोरात आपटायची.

वहिनीचा वेगळाच ताप. घरचं, शेतातलं, वर माझं. "मी कापूस येचू का तुमचे भांडनं येचू?" असं ती एकदा सगळ्यांदेखत म्हणाली. तिचं बरोबर होतं.

फाटकापाशी

मग एक दिवस सुषमा आली. मी खिडकीतून पाहिली. शाळेतली निळी साडी, उन्हाने लाल झालेला चेहरा. ती फाटकापाशी, वहिनी मध्ये, आणि दादा अंगणात गोठ्याकडे तोंड करून उभा.

"ताई, त्याईले म्हना, एकदा पाहू द्या मले. नुसतं पाहू द्या," सुषमा वहिनीला म्हणाली.

दादाला ते स्पष्ट ऐकू येत होतं. तरी वहिनीने ते पुन्हा सांगितलं. दादा बैलांकडे बघत वहिनीला म्हणाला, "तिले सांग, तो बरा आहे. भेटता येत नाई. वचन आहे."

"कायचं वचन?"

सुषमाचा हा प्रश्न वहिनीने पुढे दिला. दादा बैलाच्या पाठीवरून हात फिरवू लागला. धाकट्या भावाच्या बायकोला, तेही आपल्या बायकोच्या तोंडून, 'तुझा नवरा म्हणतो तू त्याला विष घालतेस' हे त्याला सांगवेना. आजही तो म्हणतो, जीभच उचलली नाही. त्याला ती अब्रू वाटली. सुषमाला ते कारस्थान वाटलं.

मी दार बडवलं. हाका मारल्या. खूप मोठ्याने मारल्या, आणि तीच चूक झाली असावी. दादाची मान खाली गेली. त्याच्या लेखी मी बरा नव्हतो हे मीच सिद्ध करून दिलं. सुषमाने ते ऐकलं, मोबाइल वर धरून दाराचा फोटो काढला आणि गेली.

त्यानंतरचे दिवस सगळ्यात वाईट. तिला वाटत असेल, मीच भेटायला नकार दिला. की वाटत असेल, हे लोक मला मारताहेत. की ती आता येणारच नाही. रात्री कडीचा आवाज झाला नाही तरी व्हायचा.

पोलीस

सुषमाच्या शाळेतल्या एका बाईंचा भाऊ नागपूरला वकील आहे. त्यांनी तिला सांगितलं, असा अर्ज करता येतो की हा माणूस कोर्टापुढे हजर करा आणि त्याला कशाच्या आधारावर ठेवलंय ते सांगा. हेबियस कॉर्पस म्हणतात त्याला.

पोलीस आले तेव्हा अर्धी गल्ली जमली. माय पदर खोचून पुढे झाली, "माह्याच पोराले माह्याच घरात म्या चोरून ठेवला म्हन्ता काय?" दादा घरात गेला. त्याने माझ्या गोळ्यांची पिशवी, शाल आणि पाण्याची बाटली गाडीत ठेवली. आरोप असलेला माणूस आणि ज्याच्यावरून आरोप आहे तो, असे आम्ही दोघं एकाच शालीत ढाणकीहून नागपूरला गेलो. वाटेत मला ओकारी आली तर त्याने ओंजळ पुढे केली.

पहिल्या दिवशी कोर्टाने एवढंच सांगितलं की डॉक्टरांकडून तपासणी करून अहवाल आणा. मला सरकारी दवाखान्यात ठेवलं. सुषमा लांबून दिसली. तिने माझ्याकडे पाहिलं, माझ्या वाढलेल्या दाढीकडे पाहिलं आणि तोंडावर पदर दाबला. बोलायला दिलं नाही तेव्हा.

वॉर्डात सकाळी लोखंडी खाटांचा खडखडाट, मग गोळ्या, मग चहा. चहा एकाच मोठ्या किटलीतून सगळ्यांना मिळायचा. मला त्याचं फार बरं वाटायचं. विष असेल तर सगळा वॉर्डच जाईल, एकट्याला कोण मारणार! हसू येतं आता, पण तेव्हा तो चहा मी दोनदा मागून घ्यायचो. शेजारच्या खाटेवर झरी जामणीकडचे एक म्हातारेबुवा होते. ते दिवसभर बोलायचे नाहीत, पण चहा आला की माझ्याकडे बघून कप उंच करायचे. दुसऱ्या दिवसापासून मीही करू लागलो.

डॉक्टरीणबाईंनी वार विचारला, गाव विचारलं, घरात कोण कोण ते विचारलं. सोपं होतं, पण प्रत्येक उत्तर तोंडाबाहेर काढण्याआधी मी आतल्या आत तपासून घेत होतो आणि त्या उशिराचीच त्या नोंद करत असतील म्हणून घाबरत होतो. शेवटी त्यांनी विचारलं, "बायको जेवणात काही घालते, असं अजून वाटतं का?"

खोटं बोलावंसं वाटलं. नाही म्हटलं असतं तर सुटलो असतो. पण म्हणालो, "कधी कधी वाटते. पन ते खरं नाई, हे कयते मले."

"दोन्ही एकदम सांगता आलं तुम्हाला," त्या म्हणाल्या. "हेच पाहायचं होतं."

साहेबांसमोर

तारखेच्या सकाळी गोळी हातात घेऊन मी बराच वेळ बसलो. ती घेतली की जीभ जड व्हायची, शब्द लोळायचे. साहेबांना वाटणार, वेडा आहे. नाही घेतली तर शब्द स्वच्छ येतील, पण ते कोणाचे येतील, याची खात्री नाही. तारखेसाठी नागपूरला आलेली माय खाटेपाशी उभी होती. तिने पेला पुढे केला. मी गोळी घेतली.

न्यायमूर्तींनी मला कोर्टात सगळ्यांपुढे विचारलं नाही, आपल्या खोलीत बोलावलं. दोघे होते. बसायला सांगितलं. मी खुर्ची जरा मागे घेऊन बसलो.

"विलासराव, तुम्हाला कोणी डांबून ठेवलं होतं का?"

हाच प्रश्न मी इतक्या रात्री घोळवला होता. हो म्हटलं तर दादा तुरुंगात. नाही म्हटलं तर मी परत कापसाच्या खोलीत. जड जिभेने मी म्हणालो, "कडी होती साहेब. लावायले मीच सांगतलं होतं. मंग काढायले सांगतलं, तं काढली नाई. भावाचा दोष नाई. माह्या शब्दाले तो लागून राह्यला. पन कडी होती."

त्यांना कळलं की नाही, देव जाणे. दुसऱ्या न्यायमूर्तींनी पुढे वाकून विचारलं, "बरं, ते राहू द्या. तुम्हाला राहायचं कुठे आहे?"

मला इतक्या दिवसांत हे कोणी विचारलंच नव्हतं. सगळे विचारायचे, बरं वाटतं का. मला रडू फुटलं, आणि रडताना भीती वाटली की रडणं कागदावर चढेल.

"लोहाऱ्याले. सुषमाजवळ. पन भावाचं घर बंद नोको व्हायले मले."

बाहेर आल्यावर कोर्टात सांगितलं गेलं, की डॉक्टरांच्या अहवालाप्रमाणे आणि प्रत्यक्ष बोलण्यावरून हा इसम स्वतःचं बरंवाईट समजू शकतो, तो आपल्या मर्जीने कुठेही राहू शकतो, उपचार चालू ठेवावेत. दादावर काही कारवाई झाली नाही. पण दादाचं तिकडे लक्षच नव्हतं. तो सुषमाच्या वकिलांच्या मागे लागला होता. "साहेब, हा शुद्धीत आहे, असं खरंच म्हनले काय ते? पक्कं म्हनले?"

"हो, म्हणाले."

दादा तसाच व्हरांड्यात आला. बाकावर बसलेल्या मायसमोर मला उभं केलं. आजूबाजूला काळे कोट, फाइली, पाणी पिणारे पोलीस.

"आता म्हन," तो म्हणाला. "मायच्या तोंडासमोर म्हन."

"सुटली," मी म्हणालो.

"नीट म्हन."

"दादा, तुले घातलेली मायची आण सुटली."

मायने डोळे मिटून घेतले होते. ते उघडले आणि स्वतःच्या हातांकडे पाहिलं. दादा भिंतीला टेकला आणि खाली बसला. इतका मोठा माणूस, कोर्टाच्या फरशीवर ओक्साबोक्शी रडला. मला तेव्हा कळलं की त्या खोलीची कडी दोन्ही बाजूंनी लागलेली होती.

तेव्हा सुषमा पुढे आली. डोक्यावर पदर नव्हता. लग्नापासून पहिल्यांदा ती थेट त्याच्याशी बोलली. "भाऊजी, मले सांगतलं काहून नाई?"

दादाने भिंतीकडे तोंड फिरवलं. मग परत वळवलं. "कोन्या तोंडानं सांगू बाई तुले? तो म्हने, तू इख घालतं म्हून."

"ते तं मले रोज सांगत होते ते," ती म्हणाली. "मले तं पयलेपासून माईत होतं."

त्यानंतर

आता मी घरी आहे. कामावर परत घेतलं, हलकं काम दिलं. सुषमा थकते, चिडते. कधी म्हणते, मी नवरा सांभाळू की पेशंट? तिचंही खरं आहे. डॉक्टरीणबाईंनी सांगितलं होतं, कायद्यात अशी सोय आहे की बरं असताना आधीच लिहून ठेवता येतं, पुन्हा बिघडलं तर काय करावं आणि कोणाचं ऐकावं. तुमच्या घरी कोणी असेल तर हे जरूर विचारा. आम्ही लिहिलं. सुषमाचं नाव आहे.

पण माझं दुखणं असं कागदाने ऐकणारं नाही. मागच्या महिन्यात एका सकाळी चहा कडू लागला.

कप खाली ठेवला. पुन्हा. आता पुन्हा गॅलरी, गाडी, कडी. गप्प बसावं, साखर घालून घ्यावी, कोणाला सांगू नये, असं वाटलं. बराच वेळ गेल्यावर म्हणालो, "सुषमा, आज चहा कडू लागून राह्यला."

तिचा चेहरा उतरला. पण तिने माझ्या कपातला घोट घेऊन दाखवला नाही. त्याने काही होत नाही, हे ती शिकली आहे. तिने फोन उचलला आणि थेट दादाला लावला. "भाऊजी, या."

दुपारपर्यंत तो आला. तिघं डॉक्टरांकडे गेलो, गोळी वाढवली. दुसऱ्या दिवशी दादा निघायला उठला तेव्हा मी त्याला अडवलं.

"दादा, एक आण घे."

तो मटकन खाली बसला. "आता कायची रे?"

"पुढच्या बारीले मी म्हनलो, मले इथून ने, सुषमाले दूर ठेव, तं आयकायचं नाई. मी पाया पडलो तरी आयकायचं नाई. तिले इचारायचं."

"ते लिवलं ना तुमी कागदावर?"

"तू कागदाले भेत नाईस."

दादाने आधी माझ्याकडे पाहिलं. मग सुषमाकडे. "मायचीच पाह्यजे काय?"

"मायचीच."

"माय तिकडं आहे. हात कोनाच्या डोक्यावर ठेवू?" पण तोवर त्याने फोन काढला होता. स्पीकर लावला. "माय, हा पुन्हा तुह्यी आण मांगून राह्यला."

पलीकडे सूप थांबल्याचं ऐकू आलं. दादाने सगळं सांगितलं. मी सुषमाकडे बघायचं टाळत होतो. एका म्हातारीचा जीव मी दुसऱ्यांदा गहाण मागत होतो, आणि यावेळी शुद्धीवर असताना.

"घे म्हना," माय म्हणाली. "मागच्या बारीले मी कोठं मेली? चालते अजून माह्यी आण." आणि मग, "त्यानं चहा पेला काय?"

सुषमाने माझ्यापुढे कप सरकवला. मी उचलला. कडूच लागला. प्यायलो.